ईशान्येचा ढाळ

५ जानेवारी

"ह्या कोब्याला पाणी तू मारलंस, म्हणजे हे अंगण तुझं." बाबांचं वाक्य. मी सहावीत असेन. मागच्या अंगणात काँक्रीटचा कोबा नुकताच घातला होता. तो वाळताना तडकू नये म्हणून वर ओली गोणपाटं पसरलेली. शाळेतून आले की दप्तर फेकायचं आणि बादली-मग घेऊन ती गोणपाटं भिजवायची. हाताला पोत्याचा वास यायचा. दादा क्रिकेटला गेलेला असायचा.

आज हे आठवलं, कारण सकाळी दादा टेप घेऊन अंगण मोजत होता.

"काय करतोयस?"

"काही नाही. टाइल्स टाकतोय."

टाकायच्या का, असं नाही. टाकतोय.

सायलीचा साखरपुडा फेब्रुवारीत, घरीच, मागच्या अंगणात. लेक त्याची, हौस त्याची, सगळं मान्य. कोबा म्हणे कळकट दिसतो. फोडायचा नाही, त्याच्यावरच टाइल्स बसवायच्या. "दहा दिवसांचं काम. तुला कळणारसुद्धा नाही."

मला कळणारसुद्धा नाही! मागच्या खोलीत आई आणि मी राहतो. आमचं दार अंगणातच उघडतं. मला कळणार नाही तर कुणाला?

त्याला काही बोलले नाही. मग दिवसभर बोलत राहिले, मनात. लायब्ररीत भूगोलाची पुस्तकं गणिताच्या कपाटात लावून आले.

८ जाने.

मिस्त्री येऊन गेले. सलीमभाई, बिडकीनचे. चप्पल काढली, टाचेनं कोबा ठोकून पाहिला, कान तिरपा करून आवाज ऐकला. "मजबूत है ताई. पुराना काम है. आवाज देखो, एक जगा भी पोकळ नै." बाबांचंच कौतुक झाल्यासारखं वाटून मी चहा ठेवला. चहा पिता पिता म्हणतात, "इसके उप्पर अपन सोने जैसा कर देंगे." चहा वाया गेला.

टाइल्स ठरल्या. लाकडासारख्या दिसणाऱ्या. मी म्हटलं, टाइल टाइलसारखी दिसली तर काय बिघडतं? वहिनी हसली. दादा नाही हसला. आई काठी टेकत चालते, घसरेल, म्हटलं. "अँटीस्किड आहेत." हा शब्द तो असा उच्चारतो, की पुढं बोलणाराच घसरावा.

११ जाने.

आज वास्तुवाले आले. मोबाइलवरचं होकायंत्र घेऊन अंगणात तीनदा गोल फिरले. यापुढे त्यांचा उल्लेख वा.वा. असा करीन. पूर्ण नाव लिहिण्याइतका आदर शिल्लक नाही.

वा.वा. म्हणाले, पाण्याचा ढाळ चुकलाय.

म्हणजे काय, ते इथं लिहून ठेवते. डोकं थंड होतं का बघू. आमचं अंगण लांबट आहे. पश्चिमेच्या टोकाला सीताफळ, त्याचं आळं, आणि तिथंच भिंतीला भोक, बाहेर गटार. पूर्वेच्या टोकाला, ईशान्येच्या कोपऱ्यात, आमची खोली. बाबांनी ढाळ दिला तो खोलीकडून झाडाकडं. नळाचं पाणी काही दिवसांतून एकदा येतं. ड्रम भरला तरी नळी लगेच काढायची नाही, ही बाबांची पद्धत. ड्रम थोडा वाहू द्यायचा. अंगण धुतलं जातं, झाडाला पाणी मिळतं, उरलेलं गटारात. खराटा घेऊन मी नुसती मागून चालत जाते. पाण्याला माहीत असतं कुठं जायचं ते. आजवर एकदाही आमच्या दाराकडं वळलेलं नाही.

वा.वा. म्हणतात, पाणी ईशान्येलाच गेलं पाहिजे. पश्चिमेला गेलं की घरातली शुभकार्यं अडतात.

हे ऐकून दादाचा चेहरा जो झाला, तो मी पाहिला. मागच्या वर्षी सायलीचं ठरलेलं लग्न मोडलं. मुलाकडच्यांनी कारणसुद्धा दिलं नाही. तेव्हापासून दादाला कारण हवंय. आज मिळालं.

मी म्हटलं, "ईशान्येला आमची खोली आहे."

"मॅडम, ईशान्येला जलतत्त्व अत्यंत शुभ."

"त्या जलतत्त्वात आईचा पलंग आहे."

दादा : "वैशू, तू आत जा."

पन्नाशीकडे झुकलेल्या बाईला "आत जा". आणि मी गेले! त्याचाच जास्त राग येतोय.

१२ जाने.

भांडण. जेवताना.

दादाचं उत्तर तयार होतं. आमच्या दारापुढं जाळी बसवणार, जाळीखालून पाइप काढून फिरवून गटाराला जोडणार. "पाणी येईल, जाळीत जाईल. संपलं." पाइप केवढा? बोटाएवढा म्हटलं तरी चालेल. जुना कोबा फोडायचा नाही ना, मग जाड पाइप बसणार कुठं? सीताफळाची पानं, आईचे केस, खराट्याच्या काड्या, सगळं त्या जाळीवर येणार. दादानं अंगण कधी झाडलंय का? त्याला काय माहीत, पाण्याबरोबर काय काय येतं ते.

"तुला सायलीचं भलं नको आहे का?"

हे मला. सायलीची वेणी दहावीपर्यंत मी घालत होते.

मग माझ्या तोंडून ते गेलंच. "बाबा म्हणाले होते, अंगण माझं."

दादा चक्क हसला. खरंखुरं, लहानपणीसारखं. "अगं, मला गेट दिलं होतं! गेटला रंग द्यायला लावला त्या दिवशी. म्हणाले, रंग तू दिलास, गेट तुझं. मी कधी मागितलं का?"

आई : "तशीच रीत होती त्यांची. कामाला लावायचं म्हंजी कायतरी देऊन टाकायचं. मनावर घ्यायचं नसतंय वैशे."

वहिनी भाकरी वाढता वाढता म्हणाली, "तुम्हाला निदान अंगण दिलं, गेट दिलं. मला मामंजी फक्त 'चहा टाक' म्हणायचे."

सगळे हसले. मीही. इतकी वर्षं मी ते वाक्य जपून ठेवलं. संसार मोडून इथं परत आले त्या दिवशी गेटातून आत येताना हेच म्हटलं होतं मनाशी, घर असेल त्याचं, अंगण माझं आहे. आणि ते निघालं पोराला कामाला लावायचं बोलणं.

नाही. दोन्ही खरं असू शकतं. काम करून घ्यायला बोलले असतील, आणि खरंही बोलले असतील. मला ते सोडायचं नाही.

१६ जाने.

टाचे मारणं सुरू. म्हणजे जुन्या कोब्यावर छिन्नी-हातोडीनं जवळजवळ खाचा पाडायच्या, नवा माल त्यात धरतो. दिवसभर ठक ठक ठक. आई कानात कापूस घालून बसली. मी रजा घेतली नव्हती, घ्यायला हवी होती असं वाटलं. मग वाटलं, बरं झालं नाही घेतली.

संध्याकाळी येऊन पाहिलं. बाबांचा गुळगुळीत कोबा देवी आलेल्या चेहऱ्यासारखा.

सलीमभाईंना बाजूला घेतलं. म्हटलं, निदान आमच्या दारापुढच्या दोन ओळींचा ढाळ झाडाकडं ठेवा. दादाला कळायचंही नाही.

"हौ ताई, हौ. कर देता."

नंतर ऐकलं, दादा त्यांना फोनवर सांगत होता, "बहिणीचं ऐकू नका, पूर्ण ढाळ ईशान्येलाच." पलीकडून आवाज आला, अगदी स्पष्ट : "हौ मालक, हौ. कर देता."

जाऊन विचारलं. म्हणतात, "ताई, उन्हों बोले इधर, तुम बोले उधर. मैं किस का दिल तोडूँ?"

माझं तोडणार, दुसरं कुणाचं.

२० जाने.

बसल्या टाइल्स. पश्चिमेला खूप भर घालावी लागली, ढाळ उलटा करायचा तर तिकडची बाजू उचलावीच लागते. सीताफळाचं खोड आता विहिरीत उभं आहे. भोवती गोल रिंग ठेवलीय, "डिझाइन" म्हणून. ज्या आळ्यात पाणी आपणहून जायचं, त्यात आता बादलीनं ओतावं लागेल.

आमच्या दारापुढं पायरी होती. गेली. खालची जमीन वर आली, उंबरा तिथंच राहिला. आता टाइल आणि उंबरा यांच्या उंचीत जेमतेम माझं करंगळीचं पेर मावतं.

मी दारात उभी राहून रडायच्या बेतात, आणि आई काठी न टेकता बाहेर पडली. "बरं झालं बाई. पायरी गेली. गुडघ्याला लई सोपं."

आईवर चिडता येत नाही. तिचे गुडघे खरेच. पण तिला सोपं झालं तेवढंच पाण्यालाही सोपं झालं, हे कुणाला सांगू?

२१ जाने.

सलीमभाईंचा शेवटचा दिवस. टाइलवर अंगठीनं टकटक करत सगळीकडं फिरले, पोकळ लागते का बघायला. आमच्या दारापाशी आल्यावर माझ्याकडं न बघता म्हणाले, "ताई, जाली साफ रखना. रोज."

म्हणजे त्यांना माहीत आहे.

"मग केलंत कशाला?"

"मालक का काम है. बेटी की शादी है. बोलते तो कौन सुनता? तुम्हारा सुने क्या?"

जाळी रोज साफ करायची, हे काम आता माझं. हे देताना मला कुणी अंगणही दिलेलं नाही.

८ फेब्रुवारी

साखरपुडा झाला. लिहायलाच हवं, छान झाला. झाडाला दिवे, लाकडासारख्या टाइल्सवर रांगोळी, सायली हिरव्या साडीत. मुलगा बरा वाटतो, मोठ्यांकडं बघून बोलतो. पाचोडहून मामा आले होते, टाइलवर हात फिरवून म्हणाले, "लाकूड हाय का काय हे?" दादा त्यांना वाकून समजावत होता. लग्न मोडल्यापासून तो एवढ्या मोठ्यानं बोललेला ऐकला नव्हता.

सायली मला मिठी मारून म्हणाली, "आत्या, तुझं अंगण किती सुंदर दिसतंय."

तुझं म्हणाली. तिला कुणी काही सांगितलेलं नाही, आपणहून म्हणाली.

मला छान वाटलं. आणि छान वाटल्याचा राग आला.

११ फेब्रु.

साखरपुड्यानंतर आज पहिल्यांदा नळाला पाणी आलं. दुपारी, मी लायब्ररीत असताना. एरवी पाण्याच्या दिवशी मी घरी असते, टाइल्स झाल्यापासून ड्रम भरताच नळी काढते. आज एक मीटिंग होती. संध्याकाळी आले तर दोरीवर आईची गोधडी. गोधडी थंडीत कोण धुतं? खोलीत गेले. पलंगाचे दाराकडचे दोन पाय ओले, चटई भिंतीला उभी केलेली, फरशी पुसून लखलखीत. कोपऱ्यात माझ्या पुस्तकांचा खोका. खोक्याचा तळ हाताला लिबलिबीत लागला.

"काय झालं?"

"बादली लवंडली माझ्या हातून."

आईच्या हातून बादली. गुडघ्यांचं दुखणं वाढल्यापासून ती तांब्यासुद्धा अर्धाच भरते.

बाहेर जाऊन पाहिलं. जाळीवर सीताफळाची पानं चिकटलेली. ड्रमपासून आमच्या दारापर्यंत टाइलांवर वाळलेल्या पाण्याचा पट्टा. नळी ठेवली असणार वहिनीनं, बाबांच्या पद्धतीनं, वाहू द्यायची म्हणून. ती आत टीव्ही बघत होती, तिचा काय दोष. इतक्या वर्षांची सवय, फक्त ढाळ फिरलाय.

दादा आला. मी तोंड उघडणार, तेवढ्यात आईनं माझं मनगट धरलं. घट्ट. म्हणाली, "अरे, बादली सांडली माझ्या हातनं."

आणि दादा तिला रागावला! "आई, कशाला उचलतेस? सांगायचं ना कुणाला. पडली असतीस म्हणजे?" आई मान खाली घालून ऐकत राहिली, शाळेतल्या पोरीसारखी. माझं मनगट सोडलं नाही.

मी ओली पुस्तकं काढून पलंगावर पसरली. मनगटावर तिच्या बोटांचे वण अजून आहेत.

१२ फेब्रु.

आईशी बोलले. भांडले, असंच लिहावं.

"खोटं का बोललीस?"

"खोटं कशाचं? सांडलं ते पानीच व्हतं."

"आई!"

"आत्ता कुठं पोरीचं जमलंय. लग्न पार पडू दे. आधी टाइली उकरल्या आन् काय झालं तर? जलमभर म्हनंल, बहिणीनं उकरायला लावल्या म्हून झालं."

हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. ती मला वाचवतेय की त्याला? तिलाही ठाऊक नसावं.

"आणि तुझी खोली? तुझे गुडघे?"

"पानी काय रोज येतंय व्हय? आलं की पुसायचं."

सलीमभाईंना फोन केला. दारापुढच्या दोन ओळी काढून मध्ये पन्हळ करता येईल का? "हौ ताई. इतवार को आता." कोणता रविवार, ते विचारायचं राहिलं.

वहिनीला सांगितलं खरं काय ते. ती म्हणाली, "मी नळी लवकर काढत जाईन." तिच्या हातात होतं तेवढं तिनं दिलं. पण दर वेळी ती काढेल? आणि पाऊस आला तर त्याची नळी कोण काढणार?

१५ फेब्रु.

पाण्याचा दिवस. रजा घेतली. दादा घरी होता, मुद्दाम तोच दिवस साधला. ठरवलं होतं, आज बोलायचं नाही, दाखवायचं. जाळी सकाळीच साफ केली, माझ्या बाजूनं काही कसूर नको. वहिनीला म्हटलं, नळी असू दे आज, बाबांसारखी.

ड्रम भरला, वाहू लागला. पाणी आधी ड्रमपाशीच पसरलं, थांबलं. मग वळलं. आमच्या दाराकडं. लहानपणापासून त्याला उलट्या दिशेनं जाताना पाहिलंय. आज ते आलं, एखादं घरचं माणूस ओळख न दाखवता समोरून चालत यावं तसं.

येताना त्यानं पानं आणली, काड्या आणल्या, साखरपुड्याच्या रांगोळीचा गुलाबी गाळ आणला. जाळी तुंबली. उंबऱ्यापर्यंतचं करंगळीचं पेर बुडालं. पाणी उंबरा ओलांडून आत.

मी पुढच्या घरात धावले. "दादा, चल. आत्ता चल. बघ."

"कॉलवर आहे. दोन मिनिटं."

ती दोन मिनिटं मी त्याच्या खुर्चीमागं उभी. ऑफिसचं काहीतरी. शेवटी उठला, चप्पल शोधली, आला.

खोली कोरडी. फरशी पुसलेली. बाहेर नळी बंद, जाळीवरची पानं उचलून रिंगमध्ये टाकलेली. आई पलंगावर बसून तांदूळ निवडतेय. तिचा पदर ओला, आणि लुगडं गुडघ्यांपाशी गडद.

"कुठं आहे पाणी?"

आई : "कुठलं पानी?"

दादानं माझ्याकडं पाहिलं. रागानं पाहिलं असतं तर बरं झालं असतं. "वैशू, तुला काय होतंय हल्ली? झोप लागते ना नीट?"

मी त्याला तिचं ओलं लुगडं दाखवू शकले असते. बोट नुसतं पुढं करायचं होतं. नाही केलं. आईचे डोळे माझ्यावर होते. तांदळात खडा नव्हता, तरी ती निवडत होती.

१६ फेब्रु.

गुडघे सुजलेत. दोन्ही. ओल्या फरशीवर टेकून पुसल्यावर दुसरं काय होणार? सकाळी तिला तेल चोळून दिलं. तेलाचा वास, बाहेर सीताफळावर बुलबुल. इतक्या प्रेमानं इतका राग मी आजवर कुणाचे पाय चोळताना गिळलेला नाही.

दादाचा राग येतो, तो सोपा आहे. वा.वा.चा तर मजेशीर आहे. सलीमभाईंचा येत नाही, फक्त येत्या रविवारी गेटकडं नजर जाईल. पण आई! माझ्या बाजूचं जे काही खरं आहे, त्यावर ती ह्या सुजलेल्या गुडघ्यांवर बसून फडकं फिरवते. आणि जगाला दिसते ती कोरडी, चकचकीत फरशी, आणि तिच्याशेजारी ओरडणारी मी.

दादा वाईट नाही. पाणी आत आलेलं एकदा स्वतः पाहिलं, तर तो स्वतःच छिन्नी आणेल. त्याला माझं ऐकायचं नाही, एवढंच आहे. आईची हाक मात्र तो कॉलवर असला तरी ऐकतो. ती हाक मारत नाही, हीच अडचण.

पुन्हा पाणी येईल. दोन दिवसांत, चार दिवसांत, आदल्या दिवशीच काय ते कळतं. त्याआधी विचारायचं ठरवलंय. ती काय म्हणेल तेही माहीत आहे. "बघू." आईचं "बघू" म्हणजे नाही. हे घरात सगळ्यांना माहीत आहे. दादालाही.

तरी विचारणार. उद्या सकाळी, तेल चोळताना, तिच्याकडं न बघता :

आई, पुढच्या पाण्याला तू पलंगावरून खाली उतरू नकोस. फडकं माझ्याकडं दे. येऊ दे पाणी आत, भिजू दे चटई, भिजू दे माझी पुस्तकं. तू नुसती दादाला हाक मार. आणि तो येईपर्यंत, एवढं एकदा, पुसू नकोस.